गोड्या पाण्यातले शार्क : खरे किती आणि नावापुरते किती?

शेवाळ
नमस्कार मंडळी. प्रश्न साधा होता, पण माहिती शोधायला गेल्यावर गुंता वाढला, म्हणून वेगळा धागा काढते आहे.

टाकी 36 × 18 × 18 इंच, म्हणजे साधारण 180 लिटर पाणी. सायकल पूर्ण झालेली आहे, म्हणजे अमोनिया पचवणारे जिवाणू फिल्टरमध्ये बसलेले आहेत. अमोनिया शून्य, नायट्राइट शून्य, नायट्रेट 15 ते 20, पीएच 7.4, तापमान 26 अंश. यात एखादा "शार्क" ठेवायचा विचार आहे. पण बाला, रेड टेल, रेनबो, इरिडेसंट, कोलंबियन, रोझलाइन या सगळ्यांच्या नावापुढे शार्क लावलेलं दिसतं आणि दिसायला एकाचा दुसऱ्याशी मेळ नाही.

तर प्रश्न असे. गोड्या पाण्यात खरे शार्क असतात का? असले तर हे टाकीतले त्यांचे कोण लागतात? आणि या टाकीत यातलं नक्की काय बसेल?

खवलेकर
मधल्या प्रश्नाचं उत्तर एका ओळीत: कोणीही लागत नाहीत. बाला, रेड टेल, रेनबो, रोझलाइन हे सगळे कार्प कुळातले, म्हणजे रोहू-कटल्याचे भाऊबंद. इरिडेसंट आणि कोलंबियन हे मिशाळ मासे, म्हणजे शिंगाळा-शिवड्याच्या गोतातले. पाठीवर उभा त्रिकोणी पर आणि निमुळतं अंग दिसलं की व्यापारात शार्क म्हणायची पद्धत पडली, एवढंच.

ओळखायचं असेल तर डोक्याच्या बाजूला बघा. कल्ल्यावर एकच झाकण उघडमीट होत असेल तर तो हाडांचा मासा. खऱ्या शार्कला झाकण नसतं, उघड्या फटी असतात, बहुतेकांना पाच. त्याचा सांगाडा कूर्चेचा असतो, पोटात हवेची पिशवी नसते आणि कातडीवरून शेपटीकडून डोक्याकडे हात फिरवला तर सँडपेपरसारखी खरखर लागते. कार्प कुळातल्यांच्या जबड्यात तर दातच नसतात, ते घशात असतात. नावात शार्क आणि तोंडात दात नाही :)

नदीकाठ
पहिल्या प्रश्नाचं उत्तर: हो, असतात. पण ते दोन प्रकारचे आहेत आणि त्यांची गल्लत फार होते.

पहिला बुल शार्क, कारकॅरायनस ल्यूकस. हा मुळात समुद्रातला, पण नदीत शिरतो आणि तिथे महिने, कधी वर्षं काढतो. ॲमेझॉनमध्ये तो पेरूतल्या इकिटोसपर्यंत सापडला आहे, म्हणजे समुद्रापासून 3000 किलोमीटरहून जास्त आत. मिसिसिपीत 1937 साली इलिनॉयमधल्या आल्टनजवळ एक पकडला गेला होता. झांबेझीत तो आहे, ब्रिस्बेन नदीत आहे. ऑस्ट्रेलियात क्वीन्सलंडमध्ये कारब्रुकच्या गोल्फ मैदानातल्या तळ्यात 1996 च्या पुराबरोबर सहा बुल शार्क आले, पूर ओसरल्यावर नदीकडची वाट बंद झाली आणि ते तिथे सुमारे 17 वर्षं राहिले. या तळ्यात त्यांची वीण मात्र झाली नाही.

दुसरा गट ग्लायफिस, म्हणजे नदी-शार्क. गंगा शार्क यातलाच. उत्तर ऑस्ट्रेलिया आणि न्यू गिनीत याच्या आणखी दोन प्रजाती आहेत, ग्लायफिस ग्लायफिस आणि ग्लायफिस गॅरिकी. हे गढूळ नद्या, खाड्या आणि किनाऱ्याजवळचं पाणी यांत वावरतात. डोळे बारीक, कारण त्या पाण्यात बघण्यासारखं काही नसतंच. भक्ष्याच्या स्नायूंतून निघणारे विजेचे सूक्ष्म संकेत टिपणारी छिद्रं थुतरावर असतात, त्यांवर सगळी भिस्त.

अमावस्या
गंगेत माणसांवर हल्ले करणारा तो हाच ना? लहानपणापासून वाचत आलो आहे.

नदीकाठ
@अमावस्या, गल्लत म्हटलं ती इथेच. गंगा शार्कचं शास्त्रीय वर्णन 1839 मधलं आहे, पण त्यानंतर अभ्यासाला मिळालेले नमुने हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. बुल शार्कही त्याच नद्यांत शिरतो आणि पाण्याबाहेर दोघं सारखेच दिसतात. त्यामुळे गंगा शार्कच्या माथी मारलेले बरेच हल्ले बुल शार्कचे असण्याचीच शक्यता जास्त.

फरक पाठीच्या दुसऱ्या परात आहे. बुल शार्कचा दुसरा पर पहिल्याच्या साधारण एक-तृतीयांश उंचीचा असतो. ग्लायफिसचा जवळपास निम्मा किंवा त्याहून मोठा. शिवाय ग्लायफिसचे खालच्या जबड्यातले पुढचे दात अरुंद, भाल्याच्या टोकासारखे. असे दात चपळ मासे पकडायला असतात, मोठ्या प्राण्याचा लचका तोडायला नाही.

आज गंगा शार्क अतिसंकटग्रस्त आहे आणि भारतात 2001 पासून वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. 2016 मध्ये अरबी समुद्रात पकडलेली एक मादी मासे उतरवण्याच्या धक्क्यावर ओळखली गेली, तेव्हा कित्येक वर्षांनी ही प्रजाती समोर आली. जाळ्यात आलेला बारीक डोळ्यांचा, मोठ्या दुसऱ्या पराचा शार्क "मुशीच आहे" म्हणून तुकडे होऊन जातो आणि नोंद व्हायची राहून जाते. ज्यांचा धक्क्यावर वावर आहे त्यांनी निदान तो पर बघावा, एवढी कळकळीची विनंती.

कूर्चा
आता बुल शार्कला हे जमतं कसं ते सांगते, कारण टाकीत खरा शार्क का नको याचं उत्तरही त्यातच आहे.

समुद्राचं पाणी खारट, त्यामुळे साध्या माशाच्या अंगातलं पाणी बाहेर ओढलं जातं आणि त्याला सतत समुद्र प्यावा लागतो. शार्कने वेगळी युक्ती काढली. तो रक्तात युरिया साठवून ठेवतो, इतका की रक्त समुद्राइतकंच, किंचित जास्तच दाट होतं. मग पाणी बाहेर जायचा प्रश्न राहत नाही. एवढ्या युरियाने प्रथिनं बिघडायला हवीत, म्हणून सोबत टीएमएओ नावाचं दुसरं द्रव्य ठेवतो, ते प्रथिनांना सांभाळतं. जास्तीचं मीठ गुदग्रंथीतून बाहेर टाकतो.

हाच मासा गोड्या पाण्यात आला की सगळं उलटं होतं. बाहेर जवळजवळ मीठ नाही, आत दाट रक्त, त्यामुळे पाणी कल्ल्यांतून धो धो आत शिरतं. बहुतेक शार्क इथे फुगून, मीठ गमावून मरतात. बुल शार्क तीन गोष्टी करतो: युरिया निम्म्यावर आणतो, गुदग्रंथीचं काम मंदावतो आणि मूत्रपिंडांतून पातळ लघवी सारखी बाहेर टाकत राहतो. शिवाय कल्ल्यांतून मीठ आत ओढतो. समुद्रात त्याच्या रक्ताचा दाटपणा 1060 मिलिऑस्मोलच्या (विरघळलेल्या द्रव्यांचं एकक) आसपास असतो, नदीत 640 च्या आसपास. म्हणजे नदीत राहूनही तो आतून पुरता गोड्या पाण्याचा होत नाही. मूत्रपिंडांची ती ओढाताण चोवीस तास चालूच असते.

तळगाळ
कूर्चाताईंनी सुरेख समजावलं. याच्या अगदी दुसऱ्या टोकाला दक्षिण अमेरिकेतले गोड्या पाण्यातले पाकट, म्हणजे पोटॅमोट्रायगॉन. तेही कूर्चेचेच मासे, पण पिढ्यानपिढ्या नदीत राहून त्यांनी युरिया साठवणंच सोडून दिलं. गुदग्रंथी खुरटली. आता खाऱ्या पाण्यात टाकलं तर ते युरिया वाढवू शकत नाहीत. म्हणून "शार्कच्या जवळचं काहीतरी, खरोखर गोड्या पाण्यातलं" हवं असेल तर ते पाकट आहेत. पण त्यांना मोकळा वाळूचा तळ, किमान 1000 ते 1500 लिटर पाणी आणि दणकट फिल्टर लागतो. शेपटीवर विषारी काटा असतो. आणि एक ठळकपणे लिहून ठेवा: तांब्याची औषधं पाकटांच्या आणि शार्कच्या टाकीत कधीही घालायची नाहीत, अगदी अर्धी मात्राही नाही.

शेवाळ
कूर्चाताई, मग बुल शार्कचं पिल्लू नदीतच वाढतं, तर गोड्या पाण्याच्या मोठ्या टाकीत वाढणार नाही का? ठेवायचं अर्थातच नाही, फक्त समजून घ्यायचं आहे.

कूर्चा
@शेवाळ, पिल्लू जन्मतःच 60 ते 80 सेंटिमीटरचं असतं आणि पहिली काही वर्षं नदीच्या मुखात आणि आत काढतं, कारण तिथे त्याला खाणारे मोठे शार्क कमी. तिथे जगतं म्हणजे टाकीत जगेल असं नाही. कल्ल्यांवरून पाणी वाहतं राहावं म्हणून हा मासा पोहत राहतो. कोपऱ्यात अडकला, सारखं वळावं लागलं की थकतो, भिंतीला थुतर घासतं, जखम होते, तिथे बुरशी बसते. सार्वजनिक मत्स्यालयांतले बुल शार्क मोठ्या, गोलसर, खाऱ्या पाण्याच्या टाक्यांत ठेवलेले असतात. मोठी मादी तीन मीटरच्या पुढे जाते. घरच्या टाकीचा प्रश्नच संपला.

मत्स्यगंधा
निकाराग्वा सरोवराचा उल्लेख कसा नाही आला? तिथले शार्क कायमचे गोड्या पाण्यातले आहेत, वेगळी प्रजाती आहे, असंच मी वाचलं होतं.

नदीकाठ
@मत्स्यगंधाताई, वेगळी प्रजाती म्हणून त्यांना 1877 मध्ये नावही दिलं होतं. समज असा होता की ज्वालामुखीच्या उद्रेकाने समुद्राचा तुकडा तुटून सरोवर झालं आणि शार्क आत कोंडले गेले. हा समज मोडला तो थॉमस थॉर्सन यांच्या कामाने. 1960 च्या दशकापासून त्यांनी शार्कना खुणेचे बिल्ले लावून सोडले. सरोवरात सोडलेले समुद्राकडे आणि नदीच्या मुखाशी सोडलेले सरोवरात सापडले. सान हुआन नदीतले खळाळ चढून काही शार्क 7 ते 11 दिवसांत वर पोचले. ते बुल शार्कच, ये-जा करणारे. पुढे भरमसाट मासेमारीने त्यांची संख्या कोसळली. त्याच सरोवरात मोठे करवत मासेही होते, तेही गेल्यातच जमा.

मत्स्यगंधा
धन्यवाद, एक जुना गैरसमज गेला. दहा दिवसांत खळाळ चढून जाणारा शार्क... हे वाचून अंगावर काटा आला.

पाणकोंबडा
आता टाकीकडे या मंडळी :)

आधी हिशेब. 36 × 18 × 18 इंच म्हणजे 91 × 46 × 46 सेंटिमीटर, गुणाकार भागिले 1000 केला की सुमारे 190 लिटर. पण हा काठोकाठ भरलेल्या रिकाम्या टाकीचा आकडा. वर दोन इंच मोकळे, तळाला खडी, दगड-लाकूड हे वजा केलं की 155 ते 160 लिटर उरतात. शेवाळताई, औषध किंवा मीठ घालताना 160 धरा, 180 नाही. औषधांच्या मात्रेत इथेच चूक होते.

आता एकेक घेऊ.

बाला शार्क: 35 सेंटिमीटर होतो. दुकानात 6-7 सेंटिमीटरचा, चंदेरी, काळ्या काठाचे पर, अतिशय देखणा. थव्यात राहणारा, निदान पाच हवेत. एकटा ठेवला तर घाबरट होतो किंवा बारक्या माशांच्या मागे लागतो. पाच बालांना 6 × 2 × 2 फूट (सुमारे 680 लिटर) ही सुरुवात, आठ फूट मिळाली तर उत्तम. उडी मारतो, म्हणून झाकण घट्ट. पाइप आणि वायरच्या खाचाही स्पंजाने बुजवायच्या, तो नेमका तिथूनच बाहेर पडतो. तुमच्या टाकीत नाही.

ब्लॅक शार्क (लेबिओ): 60 सेंटिमीटर सहज, त्याहूनही मोठा. वयात आला की टाकीत दुसरं कोणी नको असतं. नाही.

चायनीज हायफिन: लहानपणी काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांचा, पाठीवर शिडासारखा पर. यांगत्से नदीतला, मीटरभर होतो, मोठेपणी पट्टे आणि शीड दोन्ही जातं. थंड पाणी लागतं, 26 अंश त्याला कायमचं सोसत नाही. नाही.

इरिडेसंटवर स्वतंत्र लिहावं लागेल, तळगाळ लिहितील.

तळगाळ
लिहितो, कारण या माशाचे हाल सर्वांत जास्त होतात.

इरिडेसंट शार्क म्हणजे पंगास, पँगासियानोडॉन हायपोफ्थाल्मस. मेकाँग आणि चाओ फ्राया नद्यांतला. जगभर "बासा" म्हणून ज्याचे तुकडे विकले जातात त्यात बहुतांश हाच असतो (खरा बासा वेगळा, पँगासियस बोकोर्टी). 130 सेंटिमीटर आणि 44 किलोपर्यंत वाढतो. नदीत शेकडो किलोमीटर स्थलांतर करणारा मासा आहे. त्याला चार फुटांच्या काचेत ठेवणं म्हणजे काय ते त्याच्याकडे दहा मिनिटं बघितलं की कळतं. काचेला समांतर एका टोकापासून दुसऱ्यापर्यंत जातो, वळतो, परत येतो, थांबत नाही. नजर अधू. दिवा अचानक लावला, कोणी झपकन जवळून गेलं की सगळं बळ लावून पुढे झेपावतो आणि काचेवर आदळतो. मग उताणा पडून तळाशी निपचित. अर्ध्या तासाने उठतो. असं चार-पाचदा झालं की थुतराचं कातडं सोललं जातं, तिथे कापसासारखी बुरशी येते आणि दोन आठवड्यांत मासा जातो. लोक औषध बदलत राहतात, कारण मात्र टाकीची लांबी असते.

आणखी एक: हा पृष्ठभागावर येऊन हवा गिळतो. हवेच्या पिशवीतून श्वास घ्यायची त्याची क्षमता आहे. म्हणून मधूनमधून वर येणं हा आजार नाही. सारखं वरच राहून तोंड उघडमीट करत असेल तर मात्र लगेच अमोनिया-नायट्राइट तपासा आणि हवा वाढवा.

आवरेनासा झाला म्हणून नदी-तलावात सोडू नका. तिथल्या माशांचं खाणं-पिल्लं दोन्ही संपवतो.

गुळगुळीत
मासा टाकीच्या मापाने वाढतो ना पण? लहान टाकीत ठेवला तर लहानच राहील.

कूर्चा
नाही हो. लहान टाकीत वाढ खुंटते, कारण पाण्यात नायट्रेट साठतं, हालचाल कमी होते, ताण राहतो. ती वाढ थांबणं म्हणजे आजारपण आहे. पाठीचा कणा वाकतो, डोळे अंगाच्या मानाने मोठे दिसायला लागतात, कल्ल्याची झाकणं बाहेर वळतात. दहा-बारा वर्षं जगणारा बाला दोन वर्षांत संपतो आणि मालकाला वाटतं त्याचं आयुष्यच तेवढं.

गुळगुळीत
समजलं. माझी समजूत चुकीची होती, बरं झालं विचारलं.

मचूळ
कोलंबियन शार्क राहिला. तो मी घेतो, माझं नावच मचूळ आहे :)

पॅसिफिक किनाऱ्याच्या खाड्यांतला मिशाळ मासा, एरिऑप्सिस सीमॅनी. पिल्लं गोड्या पाण्यात विकली जातात, आणि तिथेच चूक सुरू होते. काही महिने बरा राहतो, मग खाणं कमी, पर आक्रसलेले, एका जागी डुलत राहतो. वाढत्या वयाला मीठ लागतं. पिल्लासाठी विशिष्ट गुरुत्व 1.003 ते 1.005, मोठ्यासाठी 1.015 च्या पुढे. 1.005 साठी लिटरला साधारण 7 ग्रॅम सागरी मीठ. स्वयंपाकाचं मीठ चालत नाही, कारण त्यात सोडियम क्लोराइडपलीकडचे क्षार नसतात.

मीठ टाकीत थेट ओतायचं नाही. बदलायच्या पाण्यात बादलीत विरघळवा, हवा सोडून काही तास ढवळू द्या, मग घाला. आठवड्याला गुरुत्व 0.002 पेक्षा जास्त वाढवू नका, फिल्टरमधल्या जिवाणूंनाही सवय व्हायला वेळ लागतो. आणि वाफ होऊन कमी झालेलं पाणी नेहमी गोड्या पाण्याने भरायचं. पाणी उडतं, मीठ उडत नाही. खारं घालत राहिलात तर महिन्यात आकडा कुठल्या कुठे जातो.

मासा 35 सेंटिमीटर होतो, थव्याने हवा. छातीच्या आणि पाठीच्या परांना काटे आहेत, त्यात विष असतं. जाळीत पकडला तर काटे जाळीत रुततात, ओढलं तर मोडतात. प्लॅस्टिकचं भांडं पाण्यात बुडवून त्यात शिरवायचा. काटा बोचला तर सोसवेल तितक्या गरम पाण्यात हात धरा, वेदना उतरतात, आणि डॉक्टरांना दाखवा.

पाणकोंबडा
पंगास आणि कोलंबियनवरून आठवलं. बिनखवल्यांच्या माशांना पांढरे ठिपके आले की औषधाची मात्रा निम्मी, आणि मीठ अजिबात नाही. मॅलाकाइट ग्रीनने तर पंगास एका रात्रीत जातो.

मचूळ
औषधाबद्दल सहमत. मिठाबद्दल नाही. पंगास मेकाँगच्या मुखाकडच्या किंचित खाऱ्या पाण्यातही आढळतो. लिटरला 1 ते 2 ग्रॅम मीठ, दोन दिवसांत तीन हप्त्यांनी, बादलीत विरघळवून घातलं तर त्याला सोसतं. मरतो तो खडे मीठ थेट टाकल्यावर, कारण तळाशी बसलेल्या माशाच्या कातडीला तो खडा भाजतो.

पाणकोंबडा
बरोबर आहे, "अजिबात नाही" हे जास्तच झालं. विरघळवून आणि हप्त्यांनी, हे मान्य. ठिपक्यांवर उष्णतेचा उपाय मात्र विसरू नका: दिवसाला दोन अंश या हिशेबाने 30 पर्यंत न्यायचं, बुडबुडे सोडणाऱ्या दगडाची हवा वाढवायची (गरम पाण्यात प्राणवायू कमी राहतो), शेवटचा ठिपका गेल्यावरही चार-पाच दिवस चालू ठेवायचं. ठिपका दिसतो तेव्हा परजीवी कातडीखाली असतो आणि औषध त्याच्यापर्यंत पोचत नाही. तो गळून, तळाशी फुटून, पोहायला लागतो तेव्हाच मरतो. उष्णतेने हे चक्र भरभर फिरतं.

सह्याद्रीवेडा
हा 30 अंशांचा उपाय रोझलाइनवर करू नका. तो डोंगरातल्या वाहत्या, गार पाण्याचा मासा आहे, 22 ते 25 अंश त्याला मानवतं.

रोझलाइन शार्क म्हणजे डेनिसन बार्ब, सह्याद्रिया डेनिसोनी. हा जगात फक्त केरळ आणि कर्नाटकातल्या पश्चिम घाटाच्या नद्यांत आहे. 2013 मध्ये याला स्वतंत्र प्रजातीसमूह मिळाला आणि नाव सह्याद्रीवरूनच ठेवलं. काळा पट्टा, त्यावर नाकापासून निघालेली तांबडी रेघ, शेपटीवर पिवळा-काळा ठिपका. शोभेच्या व्यापारासाठी नदीतून इतका उपसला की आज संकटग्रस्त यादीत आहे. घ्यायचाच तर पैदास केलेला घ्या. नदीतून आणलेला मासा बहुतेकदा एकाच थव्यातले लहान-मोठे मिसळून येतो, पोट खपाटीला गेलेलं आणि पर फाटलेले असतात. पैदाशीचे सगळे एका मापाचे असतात.

12 ते 15 सेंटिमीटर, सहांचा थवा, चार फुटांपेक्षा लहान टाकी नको, आणि एका टोकाकडून प्रवाह हवा.

शेवाळ
म्हणजे उरले रेड टेल आणि रेनबो. ते 12-15 सेंटिमीटरचे आहेत, मग बसतील ना?

मत्स्यगंधा
माप बसतं, स्वभाव बसत नाही. दोघांनाही चार फूट हवी असंच मी म्हणेन. तीन फुटांत सगळा तळ तो आपलाच समजतो, हरलेल्या माशाला पळून जायला जागा राहत नाही.

पाणकोंबडा
इथे मी मत्स्यगंधाताईंशी थोडा वेगळा आहे. चार फूट उत्तम, वादच नाही. पण 18 इंच रुंदीची तीन फुटी टाकी एका, एकाच माशाला चालते, जर तळावर दुसरं कोणी नसेल. कोरीडोरास, लोच, सायामी शेवाळखाऊ, पांढरा रेनबो, यातलं काहीही नको. स्वतःसारखा आकार दिसला की तो तुटून पडतो. "एकटा नको म्हणून दोन घेऊ" ही सर्वांत मोठी चूक. दोनपैकी एक काही आठवड्यांत कोपऱ्यात मरतो.

सोबत्यांनी वरचा आणि मधला थर वापरावा: झेब्रा डॅनिओ किंवा चेरी बार्बसारखे चपळ, आठ-दहांचा थवा. लांब परांचे संथ मासे नकोत.

मांडणी महत्त्वाची. एका टोकाच्या कोपऱ्यात त्याची गुहा, टाकीच्या मधोमध उभं लाकूड किंवा दाट पाणवनस्पतींची भिंत, जेणेकरून गुहेतून पलीकडचं टोक दिसू नये. जे दिसत नाही त्यावर तो हक्क सांगत नाही. भांडणं लागलीच तर सगळे दगड उचलून नव्याने मांडा, हद्दी पुसल्या जातात.

खवलेकर
दोघांतला फरक: रेड टेलचं अंग काळं कुळकुळीत आणि फक्त शेपटी लाल, पाठीच्या परावर पांढरं टोक. रेनबोचे सगळे पर लाल किंवा नारिंगी, अंग करडं. विक्रीच्या टाकीत शेपटी फिकी नारिंगी दिसली तर ताणामुळे असू शकते. पण पोट आत गेलेलं असेल तर घेऊ नका.

नदीकाठ
रेड टेलबद्दल एक गोष्ट सांगायची राहून जायला नको. हा फक्त थायलंडमधल्या चाओ फ्राया खोऱ्यातला. निसर्गातून नाहीसाच झाला असं बराच काळ मानलं जात होतं, मग 2011 च्या सुमारास एका ठिकाणी थोडे पुन्हा सापडले. आज जे लाखोंनी विकले जातात ते सगळे शेततळ्यांत संप्रेरकांची सुई देऊन पैदास केलेले. म्हणजे दर दुकानात दिसणारा मासा स्वतःच्या नदीत अतिसंकटग्रस्त आहे. नद्यांवरचे बांध, दलदली बुजवणं ही तिथली कारणं सांगतात.

शेवाळ
ठरलं. आधी नऊ चेरी बार्ब, मध्ये लाकूड आणि व्हॅलिसनेरियाची भिंत, आणि सगळ्यांत शेवटी एक रेड टेल, पैदाशीचा. मत्स्यगंधाताई, चार फुटी टाकीची जागा मोजून ठेवली आहे, बार्बांवर दादागिरी दिसली तर त्याला तिकडे हलवीन. आणायच्या दिवशी काय सांभाळायचं?

मत्स्यगंधा
मग हरकत नाही :) आधी तीन-चार आठवडे वेगळ्या 40 लिटरच्या टाकीत ठेवा, स्पंज फिल्टर मुख्य टाकीत मुरवलेला. त्या टाकीलाही झाकण हवं.

हलवायच्या दिवशी दिवे बंद. पिशवी 15 मिनिटं पाण्यावर तरंगवून तापमान जुळवा, मग दर पाच मिनिटांनी अर्धी वाटी टाकीतलं पाणी पिशवीत, असं सहा-सात वेळा. पिशवीतलं पाणी टाकीत ओतायचं नाही, मासा भांड्याने उचलून सोडायचा. त्याआधी बार्बांना दुसऱ्या टोकाला खायला घाला म्हणजे त्यांचं लक्ष तिकडे राहील. पहिल्या रात्री खाणं नको. दुसऱ्या दिवसापासून संध्याकाळी, दिवे मंद झाल्यावर, तळाशी बसणारी स्पिरुलिनाची एक गोळी गुहेच्या तोंडाशी ठेवा. दोन दिवस शिवला नाही तरी गोळी तशीच ठेवू नका, दोन तासांनी काढा. तिसऱ्या-चौथ्या दिवशी तो गुहेतून अर्धा बाहेर येतो, दगडावरचं शेवाळ ओठांनी खरवडायला लागतो, तेव्हा समजा रुळला.

शेवाळ
शेवाळ खरवडतो म्हणालात, आता माझं काही खरं नाही :) मंडळी, मनापासून आभार. लाकूड आजच पाण्यात बुडवून ठेवते, रंग उतरायला दोन आठवडे लागतील.